बर्गी आले देशा: शत्रू ठरवलेला देश पुस्तकात कसा उतरतो

प्रश्न थोडक्यात असा आहे. एक तरुण कादंबरीकार डिसेंबर १९७१ च्या युद्धावर लिहीत आहेत. कादंबरीचा एक धागा लाहोरच्या एका घरात जातो. त्या घरातला मुलगा पूर्व पाकिस्तानात तैनात आहे आणि आईवडील बातमीची वाट पाहत आहेत. हस्तलिखित वाचलेल्या दोघातिघांनी त्यांना सुनावलं, 'शत्रूच्या घरातलं दुःख कशाला दाखवतोस? आपल्या जवानांचा अपमान होतो.' म्हणून ते विचारतात, शत्रू ठरवलेले देश पुस्तकांत, सिनेमात, एकूण संस्कृतीत आजवर कसे रंगवले गेले, आणि मी काय करावं?

मी पस्तीस वर्षं बंगालीतून आणि हिंदी-उर्दूतून मराठीत अनुवाद करते आहे. त्यातली बरीच वर्षं दुसऱ्यांची हस्तलिखितं संपादित करण्यात गेली. युद्धावरच्या कादंबऱ्या, फौजी आठवणी, मुलांसाठीच्या शौर्यकथा असं पुष्कळ हाताखालून गेलं. या प्रश्नाचं उत्तर कुणीही पाकिस्तानपासून सुरू करेल. मी जिथे शत्रू आपण होतो तिथून करते, कारण मला स्वतःला हा विषय तिथेच उमगला.

मी नागपूरची. माहेर महालात, भोसल्यांच्या वाड्यापासून पाच मिनिटांवर. रघुजीराजांनी बंगालपर्यंत घोडी नेली हे आमच्याकडे अभिमानाने सांगत, आणि 'चौथ बसवली' एवढ्या दोन शब्दांत ती गोष्ट संपायची. पुढे बंगाली शिकले. एका हिवाळ्यात कामासाठी काटव्याला एका स्नेह्यांकडे राहिले होते. अजय नदी भागीरथीला मिळते तिथलं हे गाव. दुपारी घरातल्या आजी नातवाला मांडीवर घेऊन थोपटत होत्या आणि गुणगुणत होत्या, 'खोका घुमालो, पाडा जुडालो, बर्गी एलो देशे.' बाळ झोपलं, आळी निवली, देशात बर्गी आले. पुढच्या ओळीत बुलबुलांनी धान खाल्लं, आता शेतसारा कशाने भरू? मी विचारलं, 'बर्गी म्हणजे कोण?' थोपटता थोपटता त्या म्हणाल्या, 'तुमच्याकडचेच लोक गो.' मग माझा चेहरा पाहून त्यांनाच अवघडल्यासारखं झालं. त्यांनी ताटलीतला आणखी एक नारळाचा लाडू माझ्या हातावर ठेवला.

त्या रात्री मला झोप लागली नाही. अडीचशे वर्षं बंगालमधल्या आया मुलांना ज्याची भीती घालून निजवत आल्या, तो बागुलबुवा माझ्या गल्लीतून निघाला होता.

हा इतिहास आपल्याकडे फार थोड्यांना तपशिलाने ठाऊक असतो, म्हणून सांगते. १७४२ पासून नागपूरकर भोसल्यांच्या फौजा बंगालवर पुन्हा पुन्हा जात राहिल्या. पहिल्या मोठ्या स्वारीचे सेनानी भास्करराम कोल्हटकर. बंगालीत त्यांना भास्कर पंडित म्हणतात. त्या वर्षी काटव्याजवळ दाईहाटला त्यांनी दुर्गापूजा मांडली होती. ऐन नवरात्रात नबाब अलिवर्दीखानाचा छापा पडला आणि पूजा अर्धी टाकून निघावं लागलं. १७४४ मध्ये मानकरा इथे तहाच्या बोलण्यासाठी म्हणून बोलावून त्यांना बरोबरच्या सरदारांसह मारण्यात आलं. तरी स्वाऱ्या थांबल्या नाहीत. १७५१ मध्ये वर्षाला १२ लाख रुपये चौथ आणि ओडिशावरचा ताबा मिळाल्यावर तह झाला. कलकत्त्याच्या लोकांनी या धसक्याने गावाभोवती खंदक खणायला घेतला होता. तो कधी पुरा झाला नाही, पण 'मराठा डिच' हे नाव राहिलं, आणि पुढे तो बुजवून त्यावर रस्ता झाला.

याच काळात गंगाराम नावाच्या कवीने 'महाराष्ट पुराण' लिहिलं. १७५१ च्या सुमाराची त्याची पोथी मिळाली आहे. मी ते काटव्याच्या मुक्कामात पहिल्यांदा नीट वाचलं, आणि शत्रूचं चित्रण कसं घडतं याचा त्याच्याइतका चांगला धडा मला दुसरीकडे मिळालेला नाही. त्यात एक प्रसंग आहे. बर्गी आले अशी हूल उठते आणि गावंच्या गावं रस्त्यावर येतात. पंडित पोथ्यांचे भार घेऊन पळतात, सोनार काटा-तराजू घेऊन, कोळी जाळी घेऊन. प्रत्येक जातीचा माणूस आपापल्या धंद्याच्या चीजवस्तूसकट कवीने उभा केला आहे. वाटेत कुणीतरी पळणाऱ्यांना विचारतं, 'तुम्ही बर्गी पाहिले का?' ते म्हणतात, 'डोळ्यांनी नाही पाहिले. सगळे पळतायत म्हणून आम्हीही पळतोय.'

एवढ्या एका जागेसाठी मी हे काव्य प्रत्येक नव्या लेखकाला वाचायला सांगते. शत्रू दिसण्याच्या आधी त्याचं चित्र पोचलेलं असतं. ज्यांनी त्याला पाहिलंही नाही, त्यांच्याही पायांत ते शिरतं.

नंतर बर्गी खरोखर येतात, आणि कवी हात आखडता घेत नाही. 'रुपये दे, रुपये दे' असं ओरडत ते माणसांना मारतात. पैसे निघाले नाहीत तर नाकात पाणी भरतात. बायकांवर अत्याचार होतात, घरं जळतात. हे गंगारामाने रचून सांगितलं असं म्हणायची सोय नाही. वर्धमानच्या राजाश्रयाला असलेल्या बाणेश्वर विद्यालंकारांनी त्याच काळात संस्कृतात असंच भयंकर वर्णन केलं आहे. मी नागपूरची आहे म्हणून ते खोटं ठरत नाही. पण गंगारामाची मांडणी पाहा. काव्य सुरू होतं तेव्हा पृथ्वी बंगालमधल्या लोकांच्या पापाने भारावलेली आहे. शिव नंदीला सांगतो, दक्षिणेत जा आणि शाहू राजाच्या ठायी प्रवेश कर. म्हणजे बर्गी मुळात देवाने धाडलेले, आपल्याच लोकांना शिक्षा म्हणून. पुढे ते ब्राह्मण, वैष्णव आणि बायका कुणालाच सोडत नाहीत तेव्हा दुर्गा कोपते, त्यांची साथ सोडते आणि नबाबाच्या बाजूला जाते. बंगाली हिंदू कवी मुसलमान नबाबाच्या बाजूने देवीला उभी करतो, समोर दुर्गापूजा मांडणारा ब्राह्मण सेनानी असताना. त्या लोकांना शत्रू कोण ते धर्म विचारून ठरवावं लागलं नाही. जो दारात घोडा घेऊन आला तो शत्रू. त्यातही नबाबाचं सैन्य सोडून मराठ्यांना मिळालेला आणि त्यांना वाटा दाखवणारा मीर हबीब होताच.

आणि त्या अंगाईतला सारा मागणारा कोण, हे गाणं सांगत नाही. तो नबाबाचा माणूस असेल, जमीनदाराचा असेल, चौथ मागणारा स्वार असेल. पिकाच्या नुकसानीला तर बिचारे बुलबुलही जबाबदार आहेत. लोकांच्या तोंडच्या गाण्यात एवढी गुंतागुंत मावते. आपल्या साडेतीनशे पानी कादंबऱ्यांत ती मावत नाही, याचं मला दर वेळी वाईट वाटतं.

काही वर्षांनी बंगाली अंगाईगीतांच्या एका संग्रहाचं मराठी भाषांतर माझ्याकडे संपादनाला आलं. त्यात ही ओळ 'लुटारू आले देशा' अशी होती. मी अनुवादकाला फोन केला. ते म्हणाले, 'मराठी मुलांना हे कशाला सांगायचं?' मी 'बर्गी' शब्द तसाच ठेवा, खाली दोन ओळींची टीप देऊ, म्हणून भांडले. छापून आलं ते 'लुटारू'च. शब्द चुकीचा नव्हता. पण उलट्या बाजूची गोष्ट असती, आपल्या ओवीत बंगालच्या फौजेचं नाव असतं, तर ते आपण मोठ्या टायपात छापलं असतं. ती खंत माझ्या मनात अजून आहे.

आता 'बर्गी' हा शब्दच जवळून बघू. मूळ आपला बारगीर. फौजेतला साधा स्वार, ज्याचा घोडा सरकारचा किंवा सरदाराचा. ज्याचा घोडा स्वतःचा, तो शिलेदार. म्हणजे बारगीर हा घोडासुद्धा आपला नसलेला नोकर माणूस. बंगालमध्ये गेल्यावर हुद्द्याचा शब्द लोकांचं नाव झाला, लोकांचं नाव बागुलबुव्याचं झालं, आणि आज तिथल्या मुलाला बर्गी म्हणजे काय ते ठाऊक नसताना त्याची भीती ठाऊक असते. शत्रू रंगवण्याची पहिली पायरी हीच असते. माणसाचं नाव जातं, घराण्याचं जातं, गाव जातं, आणि उरतो एक शब्द जो सगळ्यांना लागू पडतो.

आपणही तेच केलं आहे. अंदाधुंदीला आपण 'मोगलाई' म्हणतो, जणू मोगलांना जमीनमोजणी आणि दप्तर ठाऊकच नव्हतं. पोर्तुगीज तेवढा फिरंगी झाला. आणि 'गनीम' शब्दाचा प्रवास तर विलक्षण आहे. गनीम म्हणजे शत्रू, लुटारू. मोगलांच्या फारसी तवारिखांत तो मराठ्यांसाठी सर्रास येतो. आणि आपण आज ज्या युद्धपद्धतीचा अभिमान बाळगतो तिला काय म्हणतो? गनिमी कावा. दुसऱ्याने आपल्यावर मारलेला शिक्का आपल्याच भाषेत बिरुद होऊन बसला आहे.

शिक्का किती सहज फिरतो याचं उदाहरण पुन्हा बंगालचंच. एकोणिसाव्या शतकात रमेशचंद्र दत्तांनी शिवरायांच्या काळावर बंगालीत कादंबरी लिहिली. मग सखाराम गणेश देउस्कर आले. देवघरच्या परिसरात स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबातले, पण लिहिणारे बंगालीत. त्यांच्या खटपटीतून बंगालमध्ये शिवाजी उत्सव उभा राहिला, आणि १९०४ मध्ये रवींद्रनाथ ठाकुरांनी त्यावर कविता लिहिली. तीत ते बंगाल्यांना मराठ्यांच्या सुरात सूर मिळवून शिवाजीचा जयजयकार करायला सांगतात. ज्या घरात मुलाला बर्गीची भीती घालून निजवलं, त्याच घरात तरुणांनी ती कविता म्हटली असेल. समोर इंग्रज उभा होता, म्हणून जुना शत्रू वीर झाला. अंगाई मात्र कुणी बदलली नाही. दोन्ही चित्रं एका भाषेत शेजारी शेजारी राहिली, आजही आहेत.

बाहेरच्या देशांत हेच आणखी झपाट्याने झालेलं दिसतं. डिसेंबर १९४१ मध्ये पर्ल हार्बरवर हल्ला झाला आणि पंधरा दिवसांत अमेरिकेच्या 'लाइफ' साप्ताहिकाने चिनी आणि जपानी चेहऱ्यांचे फोटो छापले, त्यांवर बाण आणि टिपा देऊन. चिनी माणूस दोस्त, त्याचं नाक असं. जपानी शत्रू, त्याचं नाक तसं. पुढच्या वर्षी सुमारे १,२०,००० जपानी वंशाच्या लोकांना घरंदारं सोडून छावण्यांत जावं लागलं. त्यातले बहुतेक अमेरिकेचे नागरिक होते. व्यंगचित्रांत जपानी माणूस माकड झाला. जपानकडे लोककथेतला मोमोतारो होता, राक्षसांवर स्वारी करणारा वीर बालक. तिथल्या प्रचारात इंग्रज-अमेरिकन त्या राक्षसांच्या जागी बसले. युद्ध संपल्यावर हीच माकडाची प्रतिमा शिकवलं तर शिकणाऱ्या लाडक्या प्राण्यात बदलली. जॉन डावर या इतिहासकाराने १९८६ मध्ये हे फार बारकाईने दाखवलं आहे. १९४९ ला चीन कम्युनिस्ट झाला, १९५० ला कोरियात लढाई पेटली, आणि दहा वर्षांच्या आत दोस्त चेहरा शत्रूचा झाला, शत्रूचा दोस्ताचा. नाकं तीच होती.

आणि आपल्या सोलापूरचे डॉक्टर द्वारकानाथ कोटणीस. १९३८ मध्ये वैद्यकीय पथकातून चीनला गेले, तिथेच लग्न केलं, १९४२ मध्ये तिथेच वारले. व्ही. शांतारामांनी १९४६ मध्ये त्यांच्यावर चित्रपट काढला. त्यात चीन हा आपला सोसणारा भाऊ आणि जपानी हे आक्रमक. सोळा वर्षांनी १९६२ चं युद्ध झालं. भारतात पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या चिनी कुटुंबांतले सुमारे ३,००० लोक राजस्थानातल्या देवळीच्या छावणीत नेऊन ठेवले गेले. त्यात म्हातारी माणसं होती, पोरं होती. त्यांच्यावर लिहिलेलं मराठीत मी शोधत असते, फारच थोडं मिळतं. चीनने दगा दिला हे खरं. छावणीतल्या त्या पोरांनी दिला नव्हता.

आता तुमच्या पाकिस्तानकडे येते. हिंदी सिनेमात बराच काळ त्याचं नाव घेतलं जात नसे. 'पडोसी मुल्क', 'दुश्मन मुल्क', 'सरहद पार' एवढ्यावर भागायचं. नव्वदीच्या अखेरीपासून नाव उघड घेतलं जाऊ लागलं, आणि त्याबरोबर एक ठरीव माणूस आला. सुरमा, खास टोपी, आवाजात गुर्मी, आणि दर वाक्याला 'जनाब'. मराठी कादंबऱ्यांनी हा माणूस तिथूनच उचलला. माझ्याकडे येणाऱ्या हस्तलिखितांत लाहोरचा हवालदार घरी बायकोशीही सभेत बोलल्यासारखी उर्दू बोलतो. लाहोरच्या घरात पंजाबी बोलतात हो! आई मुलाला पंजाबीत हाक मारते, शिव्या पंजाबीत देतात, मर्तिकाला पंजाबीत रडतात. उर्दू शाळेत, कचेरीत, रेडिओवर. तुमच्या कादंबरीतल्या आईच्या तोंडी एक जरी शब्द घरातला आला, तर त्या घराला छप्पर येईल.

भाषेच्या बाबतीत आपली बखर आपल्यापेक्षा शहाणी आहे. जानेवारी १७६० मध्ये बुराडी घाटावर दत्ताजी शिंदे पडले. कुतुबशहा त्यांना विचारतो, 'क्यों पटेल, और लढोगे?' आणि ते म्हणतात, 'बचेंगे तो और भी लढेंगे.' ही परंपरेने आलेली हकिगत आहे, शब्द थोडेफार बदलून सांगितले जातात. पण लक्षात घ्या, मराठी माणसाला मरतानाच्या शौर्याचं जे वाक्य सर्वांत जास्त पाठ आहे, ते शत्रूच्या प्रश्नाला शत्रूच्याच बोलीत दिलेलं उत्तर आहे. दोघांना एकमेकांची भाषा कळत होती. कुतुबशहाला दत्ताजी 'पटेल' आहेत हेही ठाऊक होतं. पानिपतच्या लढाईची जवळून पाहिलेली एक महत्त्वाची हकिगत काशीराजाने फारसीत लिहून ठेवली. हा दक्षिणी ब्राह्मण होता आणि शुजाउद्दौल्याच्या चाकरीत, म्हणजे समोरच्या छावणीत. आणि आपल्या बाजूला तोफखाना होता इब्राहिमखान गारद्याचा. लढाई कितीही निकराची असली तरी दोन्ही छावण्यांतले लोक एकमेकांना इतके ओळखत होते. आज आपण पडद्यावर जे दोन अनोळखी गोट पाहतो, तसं त्यांचं नव्हतं.

पाठ्यपुस्तकांचा परिणाम मी कमी लेखत नाही. प्राध्यापक कृष्ण कुमार यांनी भारत-पाकिस्तान दोन्हीकडची इतिहासाची क्रमिक पुस्तकं शेजारी ठेवून अभ्यास केला आहे, तो तुम्ही अवश्य वाचा. एकच स्वातंत्र्यलढा, पण कुठली घटना घ्यायची, कुठली गाळायची, आणि १९४७ हा शेवट म्हणायचा की सुरुवात, यावरून दोन वेगळ्या कथा तयार होतात. पाकिस्तानातल्या पुस्तकांतल्या खोट्यांची यादी तर तिथल्याच के. के. अझीझ या इतिहासकाराने १९९३ मध्ये जाहीरपणे मांडली. समोरच्या घरातही असा एखादा माणूस असतो. शत्रू रंगवणाऱ्या पुस्तकांतून सर्वांत आधी हद्दपार होतो तो हाच.

तुमच्या मित्रांचा आक्षेप मी हलका मानत नाही. ज्या घरातला जवान गेला त्यांनी हे पुस्तक हातात घेतलं तर त्यांना काय वाटेल, हे लेखकाने मनात धरायलाच हवं. आणि १९७१ मध्ये पूर्व बंगालमध्ये पाकिस्तानी फौजेने जे केलं ते सौम्य करून लिहिलंत तर मी तुमचं हस्तलिखित पहिल्यांदा परत करीन. गंगाराम बर्गींबद्दल सौम्य झाला नाही. पण तुमच्या सध्याच्या मसुद्यात, तुम्ही पाठवलेल्या पन्नास पानांत, ढाक्यातले पाकिस्तानी सैनिक क्रूर का आहेत याचं उत्तर 'ते तसेच असतात' एवढंच आहे. त्यामुळे जबाबदारी कुणावरच येत नाही. जो जन्मतःच राक्षस, त्याला कसला दोष? हुकूम कुणी दिला, कुठल्या दिवशी, तो ऐकून कोण गप्प बसलं, बंगाली माणूस म्हणजे कमी प्रतीचा मुसलमान असं त्या पोरांच्या डोक्यात कुणी भरलं, हे लिहिलंत तर गुन्हा जास्त ठळक होईल.

त्यासाठी साधन आहे. युद्ध संपताच पाकिस्तानने चौकशी आयोग नेमला, अध्यक्ष सरन्यायाधीश हमूदुर रहमान, जे स्वतः बंगाली होते. त्या अहवालाचा मजकूर २००० मध्ये बाहेर आला. फौजेच्या वर्तनावर त्यात घरच्यांनीच कडक बोललेलं आहे. तिथल्याच हबीब जालिब या कवीने लष्करी कारवाईविरुद्ध कविता लिहिल्या. कवी फैज अहमद फैज १९७४ मध्ये ढाक्याहून परतले आणि त्यांनी 'हम के ठहरे अजनबी' लिहिली. इतक्या मेहेरबान्यांनंतर आपण परके ठरलो, हे डाग किती पावसांनी धुतले जातील, असं ती विचारते. मी तिचा अनुवाद तीनदा केला आणि तिन्ही फाडले. 'खून के धब्बे' मराठीत आणताना 'रक्ताचे डाग' हे शब्द पोचतात, त्यांतली शरम पोचत नाही. तुमच्या लाहोरच्या घरात ही शरम वाटणारं एक तरी माणूस असू द्या. आणि ती अजिबात न वाटणारंही असू द्या.

शत्रूला समजून घेणं म्हणजे त्याचं कौतुक, हा समज आपल्याकडे जुना नाही. रामचंद्रपंत अमात्यांचं आज्ञापत्र काढून टोपीकरांवरचं प्रकरण वाचा. इंग्रज, पोर्तुगीज, वलंदेज म्हणजे डच, हे वरून सावकार दिसतात, पण त्यांच्या मागे राज्यं उभी आहेत, त्यांना भूमी हवी आहे, त्यांचं बळ समुद्र आणि तोफा यांत आहे, म्हणून त्यांना किनाऱ्यावर जागा देऊ नका, असं ते सांगतात. त्यात एक शिवी नाही. राज्य चालवलेल्या माणसाला शत्रूचं व्यंगचित्र परवडत नव्हतं. तुमच्या मसुद्यात मात्र शत्रू एका प्रकरणात इतका धूर्त की अर्धं जग त्याच्या मुठीत, आणि पुढच्याच प्रकरणात इतका बावळट की आपला नायक त्याला साध्या युक्तीने फसवतो. प्रचाराच्या लेखनाची ही खूण आहे. तो कप्तान हुशार ठेवा. तो हुशार असेल तरच आपल्या माणसांनी काय निभावलं ते कळेल.

मंटोची टिटवाळच्या कुत्र्याची गोष्ट तुम्ही वाचली असेलच. काश्मीरच्या डोंगरात समोरासमोर दोन ठाणी, मध्ये भटकणारं एक कुत्रं. दोन्हीकडचे सैनिक त्याला जवळ करतात आणि शेवटी त्याचा जीव जातो. ती तुम्ही पुन्हा वाचा, फक्त एका कामासाठी: मंटोने सैनिकांना गोळीबाराच्या मधल्या वेळात काय करायला लावलं आहे ते पाहा. ते कंटाळलेले असतात, गाणी म्हणतात. तुमच्या लाहोरच्या घरात सगळे फक्त युद्धावर बोलतात. त्या घरात डिसेंबरात भाजी काय येते, वडील काय काम करतात, दूधवाल्याचं देणं थकलंय का, यातलं काहीच मला पन्नास पानांत सापडलं नाही.

मी १९७१ मध्ये अकरा वर्षांची होते आणि नेमकी तेव्हा मुंबईला गिरगावात मावशीकडे होते. ब्लॅकआऊटसाठी खिडक्यांच्या काचांना कागद चिकटवायचा होता. मावशीने कणकेची खळ शिजवली, थोडी जास्तच पातळ झाली, आणि कागद रात्रीतून सुटून लोंबायला लागला. खालून वॉर्डन ओरडला, 'दुसरा मजला, उजेड दिसतोय!' मावशी अंधारात स्टुलावर चढली आणि पोळपाट काचेला लावून उभी राहिली, मी स्टूल धरून. रस्त्यावरच्या मोटारींचे दिवे वरून अर्धे काळे रंगवलेले होते.

त्या रात्री लाहोरलाही ब्लॅकआऊट होता. रेडिओ त्यांना ते जिंकत असल्याचं सांगत होता आणि १६ तारखेपर्यंत पुष्कळांनी ते खरं मानलं. तुमचं लाहोरचं प्रकरण रेडिओपासून सुरू होतं. ते बाजूला ठेवा आणि आधी खिडकीचं लिहा. कागद कुठून आणला, कुणी चिकटवला, खळ कशाची केली, आणि स्टूल कुणी धरलं होतं. तेवढी दोन पानं झाली की मला पाठवा.